जेवणाची रांग आणि प्रार्थनेची वेळ

डिसेंबर २०२१ मध्ये बेळगावच्या सुवर्ण विधानसौधात कर्नाटकाचं हिवाळी अधिवेशन भरलं होतं. त्यातच धर्मांतरविरोधी विधेयक मांडलं गेलं आणि २३ डिसेंबरला विधानसभेत मंजूर झालं. पुढे मे २०२२ मध्ये वटहुकूम आला, सप्टेंबरमध्ये कायदा झाला, आणि जून २०२३ मध्ये नव्या मंत्रिमंडळाने तो रद्द करायचं ठरवलं. या सगळ्या उलथापालथीत एक शब्द मात्र इथल्या बोलण्यात कायमचा रुतून बसला: आमिष. त्या विधेयकाने आमिषाच्या व्याख्येत भेटवस्तू आणि पैसा घातला, नोकरी घातली, धार्मिक संस्थेच्या नामांकित शाळेतलं मोफत शिक्षण घातलं आणि ‘चांगलं राहणीमान’सुद्धा घातलं.

ती व्याख्या अक्षरशः लावली, तर बेळगाव जिल्ह्यातली निम्मी सेवाकार्यं संशयाच्या यादीत जातील. मिशनच्या शाळा जातील, मठांची प्रसादनिलयं, म्हणजे राहण्याजेवणाची वसतिगृहं जातील, यात्रेतली अन्नछत्रंही जातील. म्हणून या प्रश्नाकडे पुन्हा मुळापासून पाहायला हवं. धर्म मानणाऱ्या माणसाने धर्माच्या प्रेरणेने भुकेल्याला वाढलं, तर त्यात गैर काय? आणि ते गैर होतं ते नेमकं कुठल्या क्षणी?

माझं म्हणणं असं, की दोष प्रेरणेत नसतो आणि प्रार्थनेतही नसतो. घेणाऱ्याला ‘नको’ म्हणायची सोय उरली नाही, की दोष सुरू होतो. याचा पुरावा हवा असेल तर मुक्तिफौजेच्या इतिहासाइतका चांगला पुरावा दुसरा नाही. या एकाच ख्रिस्ती चळवळीने ही गोष्ट उत्तम करूनही दाखवली आणि बिघडवूनही दाखवली.

१८६५ मध्ये विल्यम बूथ या मेथडिस्ट परंपरेतल्या प्रचारकाने पत्नी कॅथरिनसोबत पूर्व लंडनच्या व्हाइटचॅपल भागात काम सुरू केलं. १८७८ मध्ये त्या कामाला ‘साल्व्हेशन आर्मी’ हे नाव मिळालं. आपल्याकडे ती मुक्तिफौज झाली. सुरुवातीला या लोकांचा भर उपदेशावर होता. पण उपाशी माणसाच्या कानात उपदेश शिरत नाही हे त्यांना रोज दिसत होतं. १८८८ पासून स्वस्त जेवणाची केंद्रं आणि रात्रीचे निवारे सुरू झाले. १८९० मध्ये बूथ यांनी इंग्लंडच्या दारिद्र्यावर एक मोठं पुस्तक लिहून सबंध योजनाच मांडली: शहरात निवारा आणि काम, मग शेतीची वसाहत, मग परदेशी वसाहत. त्यातली टांग्याच्या घोड्याची उपमा आजही अंगावर येते. लंडनच्या रस्त्यात घोडा पडला तर तो कुणाच्या चुकीने पडला हे विचारत कुणी बसत नाही, आधी त्याला उठवतात. आणि जिवंत असेपर्यंत त्याला दाणा, ठाण आणि काम मिळतं. माणसाला निदान एवढं तरी मिळावं, एवढीच बूथ यांची मागणी होती.

निवाऱ्यातली एक संध्याकाळ कशी जाई ते पाहण्यासारखं आहे. चार पेन्समध्ये रात्रीचं खाणं, झोपायला जागा आणि सकाळची न्याहारी. ज्याच्याकडे चार पेन्स नसत त्याला लाकडं फोडायचं किंवा तसलंच काम देत, म्हणजे तोही भीक न मागता आत येई. खाणं झालं की गाणी आणि प्रार्थनासभा, आणि त्यानंतर झोप. म्हणजे सभा जेवण आणि अंथरूण यांच्या मधोमध. आत आलेल्या माणसाला तिथे बसावंच लागे, कारण बाहेर थंडी होती. उपदेश ऐकला नाही म्हणून कुणाचं ताट काढून घेत नसत, हे खरं. पण सभेची जागा अशी निवडलेली होती की उठून जाणं जवळजवळ अशक्य. मुद्दा इथेच आहे. जबरदस्ती नसतानाही वेळापत्रक जबरदस्ती करू शकतं.

त्यांचं सर्वांत चांगलं काम मला आगपेटीच्या कारखान्यात दिसतं. त्या काळी काडीच्या टोकाला पांढरा फॉस्फरस लावत. त्याच्या वाफेने कामगार बायकांचे दात दुखायचे, हिरड्या सुजायच्या आणि शेवटी जबड्याचं हाडच कुजायचं. १८८८ मध्ये लंडनच्या ब्रायंट अँड मे कारखान्यातल्या मुलींचा संप गाजला. १८९१ मध्ये मुक्तिफौजेने ओल्ड फोर्ड भागात स्वतःचा कारखाना काढला. तिथे निरुपद्रवी तांबडा फॉस्फरस वापरला, हवेशीर जागा ठेवली आणि एका ग्रोसला, म्हणजे १४४ पेट्यांना, बाहेर अडीच पेन्सच्या आसपास मजुरी असताना इथे चार पेन्स दिले. खासदारांना आणि पत्रकारांना बोलावून कारखाना दाखवला. या पेटीवर प्रार्थना करायची अट नव्हती, घेणाऱ्यावरही नव्हती आणि बनवणारणीवरही नव्हती.

कारखाना १९०१ मध्ये बंद पडला. कारण साधं होतं. पेटी महाग पडायची आणि लोक स्वस्त पेटीच घ्यायचे. पण तोवर लाज वाटायची ती वाटून गेली होती. त्याच सुमारास ब्रायंट अँड मे कारखान्याने पांढरा फॉस्फरस सोडला, १९०८ मध्ये ब्रिटिश संसदेने बंदीचा कायदा केला आणि १९१० पासून तो अमलात आला. धर्मादाय कामाने बाजार बदलत नाही. ते फक्त ‘असंही करता येतं’ एवढं सिद्ध करतं, बाकीचं कायद्याने करायचं असतं. निपाणी परिसरातल्या तंबाखूच्या धुळीत काम करणाऱ्या बायकांसाठी काही करू पाहणाऱ्या प्रत्येक संस्थेने हा हिशेब डोळ्यासमोर ठेवावा.

बूथ यांच्या कामाचा आणखी एक धडा पैशाचा आहे. योजनेच्या सुरुवातीसाठी त्यांनी एक लाख पौंड मागितले आणि लोकांनी ते दिलेही. मग शास्त्रज्ञ थॉमस हक्स्ली यांनी वृत्तपत्रातून पत्रांमागून पत्रं लिहून विचारलं, की हा सगळा पैसा एका माणसाच्या शब्दावर कसा काय खर्च होतो? हा प्रश्न रास्त होता. १८९२ मध्ये लॉर्ड ऑन्स्लो यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समितीने वह्या तपासल्या आणि पैसा सांगितलेल्या कामालाच लागला असा निर्वाळा दिला. टीकाकाराला वही दाखवणं हा अपमान नव्हे. त्या चौकशीने फौजेचं नाव वाढलं.

भारतात ही फौज १९ सप्टेंबर १८८२ रोजी मुंबई बंदरात उतरली. माणसं अवघी चार. प्रमुख फ्रेडरिक टकर, पंजाबातली सनदी नोकरी सोडून आलेले. भगवी वस्त्रं घातली, अनवाणी चालले, ‘फकीर सिंग’ असं नाव घेतलं, भिक्षा मागून जेवले. मुंबईच्या गोऱ्या अधिकाऱ्यांनाच ते खुपलं आणि मिरवणुका काढल्याबद्दल त्यांना अटक झाली, तुरुंगही झाला. कलकत्त्याहून ब्राह्मो समाजाचे केशवचंद्र सेन त्यांच्या बाजूने उभे राहिले. त्यांना ख्रिस्ती व्हायचं नव्हतं, तरी या लोकांना बोलायचा हक्क आहे असं त्यांनी ठामपणे म्हटलं. या देशातल्या धर्मस्वातंत्र्याच्या इतिहासातलं हे पान पाठ्यपुस्तकात यायला हवं. कर्नाटकाशीही फौजेचा धागा आहे: जमशेटजी टाटांनी बंगळूरला काढलेली रेशीमशेती पुढे चालवायला फौजेकडे आली होती.

आणि मग ती चूक झाली. छोटी चूक नव्हे.

१८७१ च्या कायद्याने इंग्रज सरकारने काही जमातीच्या जमाती जन्मतः गुन्हेगार ठरवल्या होत्या. १९०८ मध्ये संयुक्त प्रांताच्या सरकारने गोरखपूरला डोम लोकांची वसाहत चालवायला मुक्तिफौजेला बोलावलं. १९११ च्या नव्या कायद्याने अशा वसाहतींना आणखी बळ दिलं. १९१३ मध्ये आंध्रात गुंटूरकडे स्टुअर्टपुरम वसली, येरुकला लोकांसाठी. येरुकला म्हणजे कन्नडातले कोरव आणि मराठीतले कैकाडी. आपल्या मुंबई इलाख्यातही हेच चालू होतं. सनदी अधिकारी स्टार्ट यांच्या देखरेखीखाली विजापूर, हुबळी, गदग आणि सोलापूर इथे वसाहती झाल्या. त्यांतल्या सोलापूरच्या वसाहतीत अमेरिकन मराठी मिशनचे लोक काम पाहत. बेळगाव, हुबळी, सोलापूर या पट्ट्यातल्या कैकाडी, घंटीचोर, हरणशिकारी, छप्परबंद कुटुंबांना या वसाहतींची आठवण अजून आहे.

वसाहतीत काय असायचं? शाळा होती. दवाखाना होता. गिरणीत काम मिळवून देत. मिशनचे लोक बहुतेक मनापासून राबत होते, आणि हे नाकारणं अन्याय ठरेल. पण त्याच जागेत हजेरी होती. ठरल्या वेळी नाव पुकारलं जाई आणि नाव असलेल्या माणसाला समोर उभं राहावं लागे. बाहेरगावी जायला पास लागे. पासाशिवाय सापडला तर शिक्षा. १९११ च्या कायद्यात मुलांना आईबापांपासून काढून सरकारी शाळेत ठेवायचीही तरतूद होती. आता कल्पना करा: सकाळी हजेरी घेणारा माणूस आणि रविवारी प्रार्थनेला बोलावणारा माणूस एकच. पास देणं त्याच्या हाती. गिरणीतल्या नोकरीची शिफारस त्याच्या हाती. अशा ठिकाणी ‘मी प्रार्थनेला येत नाही’ हे वाक्य कोण उच्चारणार? तिथे कुणी धर्म बदललाच असेल तर तो मनापासून बदलला की नाही हे देवालाच ठाऊक. आणि न बदलणारा मनापासून बदलला नाही, की नुसता धाडस करून राहिला, तेही कळायला मार्ग नाही.

जमातींना गुन्हेगार ठरवणारा हा कायदा १९५२ च्या ३१ ऑगस्टला रद्द झाला. पण फौजेच्या आणि मिशनांच्या या चुकीतून जे शिकायचं ते आपण शिकलो नाही. आपण शिकलो ते चुकीचं: की सेवेमागे धर्म आला म्हणजे घात. खरा घात होता तो सेवेने पोलिसाचा दंडुका हाती घेतला तिथे.

मराठी वाचकाला याहून जवळचं उदाहरण शारदासदनाचं, म्हणजे विधवा आणि मुलींच्या निवासी शाळेचं. पंडिता रमाबाईंनी ११ मार्च १८८९ रोजी मुंबईत ते सुरू केलं, पुढच्या वर्षी पुण्याला नेलं. सल्लागार मंडळात न्यायमूर्ती रानडे आणि डॉ. भांडारकर होते. धर्मशिक्षण द्यायचं नाही असं ठरलेलं. रमाबाई स्वतःच्या खोलीत प्रार्थना करत आणि दार लावून घेत नसत. काही मुली येऊन बसू लागल्या. १८९३ मध्ये केसरीने झोड उठवली, सल्लागारांनी राजीनामे दिले, पालकांनी मुली काढून नेल्या. रमाबाईंचा युक्तिवाद होता, की स्वतःच्या खोलीत दार लावून देवाचं नाव का घ्यायचं? तो पटतो. रानडे-भांडारकरांची भीतीही पटते, कारण आत आलेल्या विधवा मुलीला दुसरं घरच नव्हतं. दोन्ही बाजू खऱ्या होत्या. मधे एक गोष्ट कमी होती: ‘मी त्या खोलीत गेले नाही तरी माझं शिक्षण आणि माझी जागा शाबूत राहील’ असं मुलीला कुणी लेखी आणि स्पष्ट सांगितलेलं नव्हतं.

आता बेळगावकडे. १८१८ मध्ये किल्ला इंग्रजांकडे गेला आणि १८२० मध्ये लंडन मिशनरी सोसायटीचे जोसेफ टेलर इथे आले. लष्करी छावणीतले तमिळ, गावातले मराठी आणि कन्नड अशा तीन भाषांत हे काम चाललं. त्यांची शाळा पुढे बेनन स्मिथ हायस्कूल म्हणून नावारूपाला आली. १९०४ मध्ये मिशनचं काम अमेरिकन मेथडिस्टांकडे गेलं. उत्तरेला डॉ. विल्यम वॉनलेस १८८९ मध्ये आले, १८९४ मध्ये मिरजेत त्यांचं इस्पितळ उभं राहिलं. अथणी, कागवाड, रायबाग, चिकोडी भागातल्या लोकांना मिरज हीच वैद्यकीय राजधानी झाली. वॉनलेस यांनी नुसते रोगी तपासले नाहीत, वैद्यकीय शाळा काढून डॉक्टर आणि नर्सेस तयार केल्या. मिरज आज दवाखान्यांचं गाव आहे याचं मूळ तिथे आहे. या भागात मिशनने केलेल्या कामांतलं हे मला सर्वांत मोठं वाटतं, कारण त्यामुळे रोग्याला दुसरा दवाखाना मिळाला. ज्याला पर्याय आहे त्याच्याशी धर्माविषयी बोललं तर ते बोलणं असतं. ज्याला पर्यायच नाही त्याच्याशी तेच बोललं तर ते दडपण होतं, बोलणारा कितीही सौम्य असो.

याचंच दुसरं रूप आपल्याच परंपरेत आहे. बसवण्णांच्या दासोहात, म्हणजे अन्नदानात, वाढणारा स्वतःला दास मानतो. नागनूर रुद्राक्षी मठासारख्या मठांच्या प्रसादनिलयांत खेड्यातली हजारो मुलं राहून शिकली. १९१६ मध्ये सात शिक्षकांनी केएलई ही शिक्षणसंस्था उभी केली, त्यामागे मिशनच्या शाळांची प्रेरणाही होती आणि स्पर्धाही. याहून पुढचं पाऊल घटप्रभेला पडलं. १९९७ पासून तिथे माजी देवदासींची ‘मास’ ही संघटना आहे, आणि ती त्या बायकाच चालवतात. कालपर्यंत ज्यांचा उद्धार करायला सगळे धर्म टपले होते त्या आज स्वतः ठराव करतात आणि खर्च मंजूर करतात.

सरकारही यातून सुटलेलं नाही. २०२३ मध्ये महाराष्ट्राने आपली आरोग्य योजना सीमाभागातल्या ८६५ गावांना लागू करायचं जाहीर केलं, कर्नाटकाने त्याला हरकत घेतली. खानापूरच्या आजारी शेतकऱ्याला औषध हवं असतं, आणि त्या औषधावर कुठल्या राज्याचा शिक्का आहे यावर भांडण होतं. निष्ठेची अपेक्षा ठेवून मदत देणं हे फक्त चर्चचं पाप नाही.

तर मग काय करावं? कामाच्या पातळीवर बोलू. शंभर मोठ्या माणसांच्या मूगखिचडीला साधारण आठ किलो तांदूळ, तीन किलो मूगडाळ आणि लिटरभर तेल लागतं. खिचडी बारा वाजता उतरली आणि मग चाळीस मिनिटं प्रार्थना झाली, तर तीन गोष्टी बिघडतात. खिचडी आळते, तळाला करपते, आणि वाढपी हात आखडता घेतो किंवा पाणी ओततो. शेवटच्या वीस जणांना खरवड मिळते. साठ अंशांखाली निवलेलं अन्न उन्हाळ्यात दोन-तीन तासांत आंबायला लागतं. शिवाय लहान मूल घेऊन आलेली बाई उठून जाऊ शकत नाही, कारण उठली तर रांगेतला नंबर जातो. म्हणून प्रार्थना करायचीच असेल तर रांग उघडण्याच्या किमान अर्धा तास आधी संपवावी, किंवा शेवटचं ताट धुऊन झाल्यावर करावी, आणि दुसऱ्या खोलीत करावी. क्रमांकाची चिठ्ठी प्रार्थनेच्या जागी वाटू नये, फाटकाशी वाटावी.

दवाखान्यात बिलाची सवलत ठरवणारा आणि रोग्याशेजारी बसून प्रार्थना करणारा माणूस एकच असता कामा नये. वसाहतीतली हजेरी आणि रविवार आठवा. पाद्री, स्वामी, मौलवी यांपैकी कुणीही रोग्याने बोलावलं तरच वॉर्डात यावं, आणि बोलावल्याची नोंद नर्सच्या वहीत असावी. तक्रार ऐकणारा माणूस संस्थेबाहेरचा असावा.

पैशाच्या वह्या दोन: सेवेची वेगळी, धर्मकार्याची वेगळी. परदेशी देणगीच्या कायद्यात २०२० पासून पैसा दिल्लीतल्या स्टेट बँकेच्या एकाच शाखेत यावा लागतो, प्रशासनावर वीस टक्क्यांहून जास्त खर्चता येत नाही आणि आलेला पैसा दुसऱ्या संस्थेला पुढे देता येत नाही. या शेवटच्या अटीने तालुक्याच्या गावातल्या छोट्या संस्थांचं कंबरडं मोडलं, कारण मोठ्या संस्थेमार्फत त्यांना मिळणारा झरा आटला. ही अट मला अन्यायाची वाटते. पण त्यावर ओरडत बसण्यापेक्षा गावातल्या गावात महिना शंभर-दोनशे रुपयांची वर्गणी जमवणं जास्त टिकाऊ आहे. वर्गणी देणारा हिशेब विचारतो. हक्स्लींनी विचारला तसाच.

काही श्रद्धावान म्हणतात, सेवा हीच आमची उपासना, ती प्रार्थनेपासून तोडायला सांगणं म्हणजे आम्हाला खोटं वागायला लावणं. पण लपवा असं कुणी सांगत नाही. फाटकावर क्रूस असावा, मठाचा भगवा असावा, पाटी ठळक असावी. सांगणं फक्त टेबल आणि वेळ वेगळी ठेवण्याचं आहे. दुसरे म्हणतात, गरिबाला फुकट शिकवलं की तो वळणारच, तेव्हा बंदीच बरी. त्यांनी शेजारच्या खेड्यातली सरकारी शाळा आणि प्राथमिक आरोग्य केंद्र आधी चालू करून दाखवावं. पर्याय उभा राहिला की आमिषाची ताकद आपोआप ओसरते.

सीमाभागात यात भाषेची भर पडते. जिथे अल्पसंख्य भाषिक पंधरा टक्के किंवा अधिक आहेत तिथे सरकारी माहिती त्यांच्या भाषेतही द्यावी असं केंद्राचं धोरण आहे. खासगी धर्मादाय संस्थेवर ते बंधन नाही, तरी तिने ते पाळावं. शस्त्रक्रियेचा संमतीकागद फक्त कन्नडात किंवा फक्त इंग्रजीत असेल आणि बेळवट्टी किंवा कणकुंबीहून आलेल्या आजीने त्यावर अंगठा दिला, तर ती संमती नव्हे. कागद मराठी आणि कन्नड दोन्हीत असावा, आणि त्यात एक ओळ असावी: ‘प्रार्थनेला बसलं नाही तरी उपचारात, जेवणात किंवा सवलतीत काही फरक पडणार नाही.’ ही ओळ छापून भागत नाही, कारण वाचता येत नसणारेच जास्त येतात. दाखल करून घेणाऱ्या नर्सने ती रोग्याच्या भाषेत मोठ्याने वाचावी, त्याला कळलं का ते विचारावं, आणि कुणी, कुठल्या भाषेत, किती वाजता वाचली ते त्याच कागदाच्या तळाशी लिहून सही करावी.